टर्मिनेटरमधला तो बंदूकवाला कोण?

प्रश्न: परवा टीव्हीवर पहिला 'टर्मिनेटर' लागला होता. त्यात अर्नोल्ड ज्याच्याकडून बंदुका बघायला घेतो आणि मग त्यालाच उडवतो तो दुकानदार कोण हो? 'ग्रेमलिन्स'मधला शेजारीपण हाच ना? चेहरा ओळखीचा वाटतो पण नाव काही केल्या आठवेना.
– एक वाचक, सांगली

उत्तर: हो, तोच. डिक मिलर. नाव आठवेल कसं, ते पोस्टरवर क्वचितच यायचं.

गडी न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्समधला, जन्म १९२८ चा. हॉलिवूडला गेला लेखक व्हायला, पण रॉजर कॉर्मनला स्क्रिप्ट नको होती, नट हवे होते, मग झाला नट. कॉर्मन म्हणजे एक्स्प्लॉयटेशन, म्हणजे सनसनाटीवर चालणाऱ्या स्वस्त सिनेमातला मोठा शेठ, पोस्टर भडक, बजेट चिल्लर, आणि ड्राइव्ह-इन थिएटरात एका तिकिटात दोन पिक्चर. 'अपाचे वुमन'मध्ये (१९५५) त्याने मिलरला रेड इंडियन केलं आणि त्याच पिक्चरमध्ये गोऱ्यांच्या बाजूनेही उभं केलं, तेवढाच एका माणसाचा पगार वाचला!

हिरो म्हणून बघायचाय तर 'अ बकेट ऑफ ब्लड' (१९५९). शूटिंग पाच दिवसांत उरकलेलं. कॅफेत टेबलं पुसणारा वॉल्टर पेस्ली, त्याच्या हातून चुकून मांजर मरतं, तो घाबरून त्यावर माती थापतो आणि कॅफेतले शहाणे लोक म्हणतात वा काय शिल्प आहे, मग काय, पुढची शिल्पं माणसांची. मिलर त्यात इतका केविलवाणा दिसतो की खुनी असूनही दया येते. शेवटी तो स्वतःच पुतळा होऊन लटकतो, पण प्लास्टर लावायला वेळच नव्हता म्हणून नुसता तोंडाला करडा रंग फासलाय. मिलरला ही खंत कायम राहिली आणि मला विचाराल तर बरोबरच होती, पैशापायी चांगल्या पिक्चरचा शेवट घालवला.

पुढच्या वर्षी 'द लिटल शॉप ऑफ हॉरर्स'मध्ये लीड विचारलेला, पण पुन्हा तसलाच रोल नको म्हणाला आणि फुलांना मीठ लावून खाणारं गिऱ्हाईक झाला.

'टर्मिनेटर'चा दिग्दर्शक जेम्स कॅमेरॉन आणि 'ग्रेमलिन्स'चा दिग्दर्शक जो डान्टे दोघंही कॉर्मनच्याच कंपनीत तयार झालेले, त्यामुळे १९८४ मध्ये दोन्हीकडे हा दिसतो. डान्टेने तर त्याला जवळपास प्रत्येक पिक्चरमध्ये घेतलं, 'द हाउलिंग'मध्ये नावसुद्धा तेच, वॉल्टर पेस्ली.

२०१९ मध्ये गेला. 'बकेट' नेटवर फुकट सापडतो, जेमतेम तासाभराचा आहे, जेवता जेवता मात्र लावू नका.