पिल्लाला तीच लस पुन्हा पुन्हा का द्यायची, आणि ती पुरते किती काळ?

तुमचं कुत्र्याचं पिल्लू 8 आठवड्यांचं आहे, पहिली लस झाली आहे, आणि डॉक्टरांनी तीच लस तीन-तीन आठवड्यांनी अजून दोनदा घ्यायला सांगितलंय. मग पहिली वाया गेली का, संरक्षण किती काळ टिकतं आणि पिल्लाला बाहेर कधी न्यायचं, असं तुम्ही विचारलंय. अनाथ पिल्लं सांभाळून चांगल्या घरी देण्याचं काम मी बरीच वर्षं करते, आणि हा प्रश्न मला पिल्लू नेणारं जवळजवळ प्रत्येक घर विचारतं.

पहिली लस वाया गेलेली नाही, पण तेवढ्यावर विसंबूही नका. याचं कारण पिल्लाच्या आईत आहे. जन्मल्यावर पहिल्या दिवसात पिल्लू आईचा चीक पितं आणि त्यातून तिच्या अँटीबॉडीज, म्हणजे रोगाशी लढणारी प्रथिनं, त्याला मिळतात. त्या त्याला जपतात, पण खऱ्या विषाणूला जशा पकडतात तशा लशीतल्या दुबळ्या केलेल्या विषाणूलाही पकडतात. म्हणजे त्या भरपूर असताना दिलेली लस रुजतच नाही. त्यांचं प्रमाण दर दहाएक दिवसांनी निम्म्यावर येतं. एखाद्या पिल्लात त्या सहाव्या-सातव्या आठवड्यातच संपत येतात, तर एखाद्यात चौदाव्या-सोळाव्या आठवड्यापर्यंत लशीला आडव्या येतात. एकाच वेतातल्या दोन भावंडांतही फरक पडतो, कारण चीक कोणी पोटभर प्यायलेला असतो, कोणाला थोडाच मिळालेला असतो. वरून बघून हे कळत नाही.

यात सर्वात वाईट असतात ते मधले काही दिवस. आईच्या अँटीबॉडीज लस निकामी करण्याइतक्या उरलेल्या असतात, पण खरा पार्व्हो (उलट्या-जुलाबांनी पिल्लांचा जीव घेणारा विषाणू) अडवण्याइतक्या नसतात. 'लस दिली होती, तरी पार्व्होनं गेलं' असं जे ऐकू येतं, त्यातली बरीच पिल्लं याच दिवसांत सापडलेली असतात. त्यावरून लस खोटी ठरवून लोक पुढच्या पिल्लाला ती देतच नाहीत, याचं मला फार वाईट वाटतं.

म्हणून 6 ते 8 आठवड्यांना सुरुवात करून दर 2 ते 4 आठवड्यांनी लस देत राहायची आणि शेवटचा डोस 16 आठवडे पूर्ण झाल्यावरच द्यायचा. किती डोस झाले यापेक्षा शेवटचा कोणत्या वयात झाला, हे बघा. तुमचंच गणित मांडा: 8, 11 आणि 14 आठवडे. तीन डोस होऊनही 16 आठवडे भरत नाहीत! डॉक्टरांना सांगून त्यानंतरचा एक डोस जरूर घ्या. वर्ल्ड स्मॉल ॲनिमल व्हेटर्नरी असोसिएशन ही पशुवैद्यांची जागतिक संघटना तर सहा महिन्यांच्या सुमारास आणखी एक डोस सुचवते. तोवरही एखाद्या पिल्लात लस रुजलेली नसेल, तर वर्षभर थांबावं लागू नये हा त्यामागचा हेतू.

आता टिकण्याचं. पार्व्हो, डिस्टेंपर (ताप, सर्दी आणि झटके आणणारा रोग) आणि ॲडिनोव्हायरस (यकृताला सूज आणणारा विषाणू) या तिन्हींची जिवंत, म्हणजे दुबळ्या केलेल्या विषाणूची, लस एकदा नीट रुजली की किमान 3 वर्षं पुरते, पुष्कळ कुत्र्यांत त्याहून खूप जास्त. पिल्लूपणीचे डोस पूर्ण झाल्यावर ती दर 3 वर्षांपेक्षा लवकर द्यायची गरज नसते. लेप्टोचं, म्हणजे उंदरांच्या लघवीतून पसरणाऱ्या लेप्टोस्पायरोसिसचं, तसं नाही. त्या लशीत मारलेले जिवाणू असतात, सुरुवातीला 2 ते 4 आठवड्यांच्या अंतरानं दोन डोस लागतात आणि संरक्षण साधारण वर्षभरच राहतं. केनेल कफची, म्हणजे कुत्र्यांच्या संसर्गजन्य खोकल्याची, लसही वर्षाची. बऱ्याचदा पार्व्हो आणि लेप्टो एकाच इंजेक्शनातून देतात, त्यामुळे 'दरवर्षी सगळंच' असा समज होतो. यंदाच्या इंजेक्शनात नेमकं काय आहे, हे डॉक्टरांना विचारा. चांगला डॉक्टर या प्रश्नानं रागावत नाही.

रेबीजची लस साधारण 12 आठवड्यांना देतात, मग वर्षानं पुन्हा. त्यापुढे लशीच्या कंपनीनुसार आणि तुमच्याकडच्या कायद्यानुसार दर 1 किंवा 3 वर्षांनी. हिच्यात मात्र एक दिवसाचीही चालढकल नको. लक्षणं दिसू लागल्यावर या रोगावर इलाज नाही.

बाहेर नेण्याबद्दल माझं मत ठाम आहे: 16 आठवडे पिल्लाला कोंडून ठेवू नका. माणसं, आवाज, गाड्या यांची ओळख व्हायचं वय साधारण 3 ते 14 आठवड्यांचंच असतं. कडेवर घेऊन फिरवा. लस झालेलं, निरोगी कुत्रं असलेल्या ओळखीच्या घरी न्या. जिथे कुठलीही कुत्री येतात-जातात, त्या जमिनीवर मात्र सोडू नका. पार्व्होचा विषाणू मातीत महिनोन्‌महिने टिकतो आणि सॅनिटायझरनं मरत नाही. फरशी आधी धुऊन मग त्यावर पातळ केलेलं ब्लीच वापरावं लागतं.

लस दिल्यावर दिवसभर पिल्लू मलूल राहिलं, टोचलेल्या जागी छोटी गाठ आली, तर घाबरू नका. पण तोंड सुजलं, लागोपाठ उलट्या झाल्या किंवा धाप लागली, तर तसेच उलट पावली दवाखान्यात जा. असं होणं दुर्मीळ आहे, पण झालं तर बहुधा पहिल्या काही तासांतच होतं. म्हणून लस सकाळी घ्या आणि त्यानंतर अर्धा तास दवाखान्यातच थांबा.