कलरब्लाइंड कास्टिंगला मराठीत काय म्हणायचं?

प्रश्न असा आलाय की इंग्रजी नाटकाच्या परीक्षणाचं भाषांतर करताना कलरब्लाइंड कास्टिंगला, म्हणजे नटाचा वंश न बघता भूमिका देण्याला, 'रंगांध पात्रनिवड' म्हणावं की 'वर्णनिरपेक्ष'.

मला विचाराल तर दोन्ही नकोत. रंगांध म्हटलं की लाल-हिरवा न ओळखणारा माणूस डोळ्यासमोर येतो, त्यात नाटकाच्या लेखात 'रंग' आला की आपण रंगभूमी, रंगकर्मी असंच वाचत जातो. वर्ण तर त्याहून अडचणीचा, आपल्याकडे तो आधी चातुर्वर्ण्याकडे जातो. सरळ 'वंशनिरपेक्ष' म्हणा, धर्मनिरपेक्ष रुळलेला आहे त्यामुळे लगेच कळतं.

पण हा शब्द 'हॅमिल्टन' या अमेरिकन म्युझिकलला लावू नका प्लीज, हल्ली सर्रास लावतात. २०१५ च्या त्या म्युझिकलमध्ये वॉशिंग्टन, जेफरसन ही अमेरिकेच्या स्थापनेतली गोरी माणसं कृष्णवर्णीय नटांनी केली ती वंश विसरून नाही, मुद्दाम ठरवून. जेफरसन शेकडो गुलामांचा मालक होता, त्याच्या भूमिकेत डेव्हीड डिग्ज उभा राहतो तेव्हा त्याचा वंश प्रेक्षकाला दिसायलाच हवा, नाहीतर अर्धा अर्थ गेला. याला मी 'वंशसजग' म्हणेन. आणि वंशनिरपेक्ष म्हणजे आपोआप चांगलं असंही धरू नका, कृष्णवर्णीय अमेरिकन नाटककार ऑगस्ट विल्सन यांनी १९९६ च्या भाषणात या कल्पनेलाच कडाडून विरोध केला होता, त्यांचं म्हणणं कृष्णवर्णीयांची स्वतःची थिएटर्स उभी राहू द्या.

आता वंश आणि राष्ट्रीयत्व, इथे फार घोळ होतो. 'मिस सायगॉन' या म्युझिकलमधलं 'इंजिनियर' नावाचं पात्र अर्धं फ्रेंच अर्धं व्हिएतनामी, ते केलं जोनाथन प्राइस या वेल्सच्या गोऱ्या नटाने, लंडनला सुरुवातीला तर डोळ्यांचा आकार बदलणारा मेकअप करून. १९९० मध्ये अमेरिकेतल्या नटांच्या युनियनने त्याला ब्रॉडवेवर परवानगी नाकारली, निर्मात्याने नाटकच रद्द केलं, मग युनियनने निर्णय फिरवला आणि १९९१ मध्ये तोच प्राइस तिथे उभा राहिला. हा वाद वंशाचा. पण त्याच नाटकातली व्हिएतनामी नायिका किम केली लेआ सलोंगाने, ती फिलिपिन्सची. तिच्याबद्दल कुणी आक्षेप घेतला तर तो वंशाचा नाही, राष्ट्रीयत्वाचा, किंवा भाषा-चालीरीतींचा म्हणा, ज्याला इंग्रजीत एथ्निसिटी म्हणतात आणि आपण उगाच 'वांशिकता' म्हणून परत वंशातच ढकलतो. अशा ठिकाणी एकच भारदस्त शब्द शोधत बसू नका, 'फिलिपिनी नटीने केलेली व्हिएतनामी भूमिका' असं लिहून मोकळे व्हा.