सुट्टीचा दिवस पडून राहण्यातच जातो

प्रश्न : मी 43 वर्षांची असून एका सरकारी रुग्णालयात अधिपरिचारिका आहे. तीन वर्षांपूर्वी अपघातात डावा पाय गुडघ्याखाली गमावला; कृत्रिम पाय बसवून पुन्हा रुजू झाले. तिन्ही पाळ्या पूर्वीसारख्याच करते. ‘हिला काम झेपत नाही’ असे कोणी म्हणू नये म्हणून सवलत मागत नाही. पूर्वी दर गुरुवारी भजनी मंडळात जात असे. आता सुट्टीत उठवत नाही, मनही कशात रमत नाही. काय करावे?

उत्तर : आधी एक गैरसमज दूर करू. हा आळस नव्हे. कृत्रिम पायाने तेवढेच अंतर चालण्यासाठी शरीराला अधिक शक्ती खर्चावी लागते, आणि वॉर्डातील फेऱ्या, औषधांची ट्रॉली, शेवटी ओव्हर देणे (पुढच्या पाळीतील सिस्टरला रुग्णांची माहिती सोपवणे) यांत ही शक्ती सुट्टी येण्यापूर्वीच संपलेली असते. त्यामुळे भजनासाठी वेळ काढण्याचा विचार गुरुवारी नव्हे, तर ड्यूटीचा तक्ता लागण्यापूर्वी करावा लागेल.

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, 2016 च्या कलम 20 नुसार सरकारी आस्थापनेने दिव्यांग कर्मचाऱ्याला वाजवी सोयी देणे अपेक्षित आहे. सेवेत असताना दिव्यांगत्व आले म्हणून कर्मचाऱ्याला नोकरीवरून कमी करता येत नाही किंवा खालच्या पदावरही आणता येत नाही. तेव्हा मेट्रनकडे लेखी अर्ज द्या आणि त्यात मोघम ‘हलके काम’ न मागता नेमके लिहा : सलग रात्रपाळ्या कमी कराव्यात, नोंदी लिहिताना बसण्यास खुर्ची असावी, पाळीच्या मध्ये पाय काढून त्वचा पाहण्यास दहा मिनिटे मिळावीत. (रुग्णाच्या टाचेवरची लाली लगेच टिपणाऱ्या सिस्टर स्वतःच्या त्वचेकडे मात्र सर्वांत शेवटी पाहतात, असा आमचा अनुभव आहे.) लाली टिकून राहत असेल, तर सॉकेट (कृत्रिम पायाचा, उरलेला पाय ज्यात बसतो तो भाग) तपासून घ्या.

भजनाला जा आणि तिथे खुर्चीवर बसा. टाळ धरून खुर्चीवर बसलेली वडीलधारी मंडळी बहुतेक मंडळांत असतातच, तिथे तुमची खुर्ची कोणालाही खटकणार नाही. सुरुवातीला पूर्ण बैठक न करता दोन-तीन अभंगांनंतर उठलात तरी चालेल.

मात्र मन न रमणे दोन आठवड्यांहून अधिक टिकले असेल, झोप व भूकही बिघडली असेल, तर त्याला केवळ थकवा समजू नका. शासनाच्या टेली-मानस या मानसिक आरोग्यासाठीच्या दूरध्वनी सेवेच्या 14416 या क्रमांकावर मराठीतूनही बोलता येते.