त्याचं पाणी भरणं अख्खं दाखव

लेकरा,

संहिता वाचली. कारगिलहून परतलेला, आता वाळूजला कंपनीच्या गेटवर रात्रपाळी करणारा तुझा माणूस मला फार आवडला. म्हणूनच चिडलोय. एवढ्याशा फिल्ममध्ये तीन फ्लॅशबॅक? तोफा, धूर, किंकाळ्या? ‘नाहीतर प्रेक्षकाला कळणार कसं, सर?’ असं विचारतोस. कळेल. तू त्याचा दिवस दाखव.

नळाला पाणी येतं तो दिवस घे. जायकवाडी एवढं जवळ, तरी आपलं धरण उशाला न् कोरड घशालाच. रात्रभर उभा राहून आलेला माणूस झोपत नाही, पाण्यासाठी जागा राहतो. खोलीत एकटाच, तरी ड्रम, हंडा, कळशी, बादल्या सगळं काठोकाठ भरतो. ते भरणं अख्खं दाखव, मधे कापू नकोस. शेजारीण विचारते, ‘काका, झालं का तुमचं?’ दिवसभरात त्याच्याशी कुणी बोललं ते एवढंच. छावणीतल्या कॅन्टीनमधून तो दोघांना पुरेल एवढं सामान आणतो. नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यायला जाताना शर्टाला इस्त्री करतो. हे सगळं तूच लिहिलंयस आणि एकेका ओळीत उरकलंयस! तिथे थांब ना.

इटालियन दिग्दर्शक डी सिकांचा ‘उंबर्तो डी.’ हा सिनेमा पुन्हा बघ. १९५२ चा, दुसऱ्या महायुद्धानंतरच्या रोममधला. त्यातली कामवाली पोरगी सकाळी गॅस पेटवते, कॉफी दळते, बसल्या जागेवरून पायाने दार लोटते. त्या प्रसंगात युद्धाचा एक शब्द नाही. पेन्शनीत न भागणारा म्हातारा ज्यांनी केला ते नट नव्हते, प्राध्यापक होते. तूही गेटवरचाच माणूस शोध. आपली नाटकातली पोरं गुणी आहेत, पण बारा तास उभे राहिलेले पाय ती कुठून आणणार?

माझ्या एकांकिकेला परीक्षक म्हणाले होते, ‘यात काही घडतच नाही. शेवटी गोळीचा आवाज टाका.’ नाही टाकला. पुढे ती कुणी केली नाही, याचं दुःख अजून आहे. आवाज न टाकल्याचं नाही. फौजेतून आलेल्या माणसांबरोबर गावच्या पारावर मी खूप बसलोय. ती पावसाचं बोलतात, सोयाबीनच्या भावाचं बोलतात. लढाईचं काढलं की तंबाखू मळायला घेतात. जे ती स्वतः सांगत नाहीत, ते तोफा लावून सांगणारे आपण कोण?

पैसे घालणारा मित्र ऐकत नसेल तर त्याला माझ्याकडे पाठव. फ्लॅशबॅक काढून नवा खर्डा रविवारी घेऊन ये. आणि तुमच्या गल्लीत नळ किती मिनिटं चालतो, ते घड्याळ लावून मोजून आण.

तुझा,
सर