आधी झोप मोज, मग आळशी म्हण

अरे,

मेसेज वाचला तुझा. रात्री एकला पाठवलायस, म्हणजे तूही जागाच, असो. तुझा चौदा वर्षांचा पोरगा सकाळी एक मोजा पायात आणि दुसरा हातात धरून बसल्याबसल्या पेंगतो आणि तू त्याला आळशी म्हणतोस, वर विचारतोस याला मोटिवेट कसं करू. पेंगणाऱ्याला कसलं मोटिवेट करतोस! आधी झोप मोज त्याची.

वयात येताना मेलाटोनिन, म्हणजे झोप आणणारं हार्मोन, रात्री उशिरा वाढायला लागतं, त्यामुळे दहाला दिवे घालवलेस तरी तो टक्क जागा राहणार, ही नाटकं नाहीत. 13 ते 18 वयाला 8 ते 10 तास झोप लागते. साडेअकराला झोपून साडेपाचला उठवतोस, किती झाले? सहा. अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने 2014 मध्येच सांगितलंय की या वयाच्या मुलांची शाळा साडेआठच्या आधी भरवू नका. शाळेची वेळ तुझ्या हातात नाही, कबूल, पण ती रात्रीची क्लासची बॅच कोणी लावली रे?

मला लहानपणभर कुंभकर्ण म्हणायचे घरात. रात्रभर घोरायचो, टॉन्सिल्स सुजलेले, श्वास अडकून झोपमोड व्हायची, पण ते कोणी बघितलंच नाही, टोपणनाव मात्र लग्नापर्यंत टिकलं. म्हणून मुलीच्या वेळी मी हट्टाला पेटलो, तिची झोप कोणाला तोडू दिली नाही. लाडावलीय म्हणाले लोक, तिच्या मार्कांवरून अजून ऐकवतात. ऐकवू देत, परत तेच करेन.

तुला चिडून बोलतोय खरा, पण तू पोराची काळजी करतोयस हे दिसतंय मला. फोन रात्री खोलीबाहेर, तुझाही. सकाळी पडदे उघड, उजेड येऊ दे. सुट्टीच्या दिवशी तासभर जास्त झोपू दे, पण दुपारपर्यंत नको, नाहीतर सोमवारी परत बोंब. पंधरा दिवस रोज लिहून ठेव, कधी झोपला कधी उठला, अंदाजे नको, लिहून. नऊ तास झोपूनही पेंगत असेल तर डॉक्टरकडे ने, हिमोग्लोबिन, थायरॉईड बघू देत, घोरतो का तेही सांग. आणि आवडीच्या गोष्टीपण नको म्हणायला लागलाय का बघ, उदास मुलंही अशीच पडून राहतात.

हे सगळं करून तब्येत ठणठणीत निघाली, झोप पुरी झाली आणि तरी लोळत असेल, तर खुशाल आळशी म्हण, मीच येऊन म्हणतो. तोवर ते मोटिवेशनल व्हिडिओ त्यालाही पाठवू नकोस आणि मलाही.