चिमणी काढता येत नाही आणि ॲनिमेशनमध्ये जायचंय म्हणतो

नमस्कार दादा,

पत्र वाचलं तुमचं. मुलगा सांगलीतच बीकॉम सेकंड इयरला, साधी चिमणी काढता येत नाही आणि म्हणतो ॲनिमेशन फिल्मचा प्रोड्युसर होणार, वर एक क्लासवाला साडेतीन लाख फी सांगतोय. आणि तुम्ही विचारता, प्रोड्युसर म्हणजे पैसे घालणारा ना, मग आपण हळदीच्या अडतीवाल्यांनी ते आणायचे कुठून?

अहो, पैसे घालणारा बहुतेक वेळा वेगळाच असतो. छोट्या स्वतंत्र फिल्मचा प्रोड्युसर म्हणजे जवळपास तुमचंच काम. माल दुसऱ्याचा, पैसा तिसऱ्याचा, पण उचल कुणाला किती, माल येणार कधी आणि शेवटी हिशोबाची पट्टी जुळणार का, हा घोर तुम्हाला.

हिशोबच बघा ना. सेकंदाला २४ फ्रेम. हाताने काढताना बरेचदा एक चित्र दोन फ्रेम चालवतात, म्हणजे सेकंदाला १२ चित्रं, मिनिटाला ७२०, दहा मिनिटांच्या फिल्मला ७२००, रंग आणि बॅकग्राउंड वेगळंच. आता अर्ध्यात डायरेक्टरला वाटलं की बाईच्या साडीला काठ पाहिजे, तर तो काठ प्रत्येक चित्रात काढत बसा! म्हणून असले बदल ॲनिमॅटिकवर, म्हणजे स्टोरीबोर्डची चित्रं आवाजाला लावून केलेल्या कच्च्या फिल्मवरच उरकून घ्यायचे, आणि नंतर 'आता नाही' हे भांडण न होता सांगायचं. हे प्रोड्युसरचं काम. शिवाय करारपत्रं, म्युझिकचे हक्क, फेस्टिव्हलचे फॉर्म.

कमाईचं मात्र गोड बोलत नाही. शॉर्टफिल्मवर घर चालत नाही, आपल्याकडे बरेच जण जाहिरातींची कामं करत करत स्वतःची फिल्म ओढतात. बाहेर तरी काय, २०२५ ला ऑस्कर मिळालेली 'फ्लो' ही पूर्ण लांबीची ॲनिमेशन फिल्म ब्लेंडरवर केली, ते सॉफ्टवेअर फुकट आहे, तरी पैसे लाटव्हिया, फ्रान्स आणि बेल्जियम अशा तीन देशांतून जमवावे लागले. ती जमवाजमव करणारा माणूसच तुमच्या मुलाला व्हायचंय.

आणि गणपती मंडळाच्या देखाव्याचा हिशोब तीन वर्षं हाच बघतो, वेळ फुकट घालवतो, असं तुम्ही तक्रारीच्या सुरात लिहिलंय, पण मला तर सगळ्या पत्रात तेवढीच ओळ कामाची वाटली.

फी आत्ता भरू नका. बीकॉम होऊ दे. दहा-पंधरा हजार हातात द्या आणि सांगा, सांगली-मिरजेतली चित्रकलेची दोन पोरं गाठ आणि संक्रांतीपर्यंत एक मिनिटाची फिल्म पुरी करून दाखव. फिल्म कशी झाली ते सोडा, वही मागा, कुणाला किती दिले, कोण किती दिवस लेट झालं आणि मग यानं काय केलं. वही नीट असेल तर पदवीनंतर मुंबई-पुण्याच्या स्टुडिओत प्रॉडक्शन कोऑर्डिनेटर, म्हणजे कुणाचं काम कुठवर आलं याची नोंद ठेवणारा, म्हणून चिकटायचा प्रयत्न करू दे, पगार सुरवातीला बेताचाच असतो.

क्लासवाल्याला विचारा, बजेट आणि शेड्युल तुमच्यात शिकवतं कोण? सॉफ्टवेअरची यादी वाचायला लागला की चहा न घेता उठा.