पक्ष बुडाला, मतं कुठे गेली?

चि. अभ्यासक हीस,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या प्रबंधाचा आराखडा वाचला. 'गणतंत्र परिषद : ओडिशातील एका सरंजामी पक्षाचा उदयास्त' हे शीर्षक आधी खोड. निकाल शीर्षकातच लावून टाकलास, तर पुढची दोनशे पानं कशाला लिहायची?

पक्षात राजे होते, हे कोण नाकारतंय? पाटण्याचे महाराज राजेंद्र नारायण सिंहदेव, कालाहंडीचे प्रताप केशरी देव. (हे पाटणा बलांगीरचं, बिहारचं नव्हे. तुझ्या टिपणांत दोन्हींची खिचडी झालीय, ती आधी निवड.) १९५० साली पक्ष निघाला आणि १९६२ च्या सुमारास राजाजींच्या 'स्वतंत्र' नावाच्या पक्षात विलीन झाला. एवढंच त्याचं आयुष्य. पण त्यातच १९५७ ची निवडणूक येते. विधानसभेच्या १४० जागांपैकी काँग्रेसला ५६ आणि परिषदेला ५१. जुन्या राजनिष्ठेपोटी काही मतं पडली असतील, पण ५१ जागा नुसत्या मुजऱ्यावर येत नाहीत. तुझा खरा प्रश्न इथे आहे आणि आराखड्यात त्याला जेमतेम दोन ओळी दिल्यास.

उत्तर शोधायचं तर आधी नकाशा काढ. ओडिशाचे लोक दोन नावं घेतात, मोगलबंदी आणि गडजात. किनारपट्टीचा सुपीक, शिकलेला, ब्रिटिश अंमलाखालचा भाग ही मोगलबंदी, आणि डोंगराळ संस्थानी मुलूख हे गडजात. डिसेंबर १९४७ मध्ये सरदार पटेल कटकला आले आणि संस्थानांच्या विलीनीकरणावर सह्या झाल्या. सत्ता राजवाड्यातून निघाली ती थेट किनाऱ्यावरच्या कचेऱ्यांत गेली. गडजातातल्या माणसाला नवा अंमलदार परका आणि त्याची बोलीही परकी. त्यात हिराकूडचं धरण. पूर अडवायचा तो महानदीच्या मुखाकडचा आणि जमीन बुडायची ती संबळपूरकडची. संबळपूर संस्थान नव्हतं, तरी दुखणं तेच. शिवाय सरायकेला आणि खरसवान ही दोन संस्थानं १९४८ च्या मे महिन्यात ओडिशातून काढून बिहारला दिली गेली. सिंहदेव मूळचे सरायकेलाच्या राजघराण्यातले, पाटण्याला दत्तक आलेले. घरचं गाव दुसऱ्या राज्यात गेलेला माणूस ओडिया अस्मितेबद्दल बोलला की लोक ऐकणारच. पुराणमतवाद म्हणून जे एका खणात टाकतेस, त्यात राजवाड्याचा स्वार्थ किती आणि मागास मुलखाची तक्रार किती, हे वेगळं करून दाखव. दोन्ही आहेत. मापं तू काढायचीस.

निवडणूक आयोगाचे निकाल वापरताना एक काळजी घे. १९५७ ला कित्येक मतदारसंघ द्विसदस्य होते, एक जागा सर्वसाधारण आणि एक राखीव, आणि मतदाराला मतं दोन. त्यामुळे आजच्यासारखी टक्केवारी मांडलीस तर फसशील. त्यापेक्षा यादी समोर घेऊन बस. परिषदेच्या ५१ आमदारांत राजघराण्यातले किती, राखीव जागांवरचे किती, हे नावानिशी मोज. तो तक्ता तयार झाला की शीर्षक आपोआप सुचेल.

आता १९५९. याच्यावर एक अख्खं प्रकरण हवं. हरेकृष्ण महताब म्हणजे विलीनीकरणाच्या वेळी पटेलांच्या सोबत असलेले ओडिशाचे प्रमुख. त्यांच्याच काँग्रेस सरकारात परिषद सामील झाली आणि सिंहदेव अर्थमंत्री झाले! ज्यांनी गाद्या घेतल्या त्यांच्याच मांडीला मांडी. सरकार १९६१ च्या फेब्रुवारीत पडलं. त्याच वर्षी मध्यावधी झाली, तेव्हा बिजू पटनाईकांच्या नेतृत्वाखाली काँग्रेसला ८२ जागा मिळाल्या आणि परिषद ३७ वर आली. माझं मत विचारशील तर पक्ष राजेपणामुळे नाही, या युतीने संपला. किनाऱ्यावरच्या कटकवाल्यांविरुद्ध भांडायला निवडून दिलेला माणूस त्यांच्याच पंगतीला बसला, मग वेगळं निशाण कशाला? तुला हे पटायलाच हवं असं नाही, पण खोडायचं असेल तर मतदारसंघनिहाय आकडे घेऊन खोड.

आणि 'अस्त' हा शब्द जपून वापर. १९६७ साली त्याच मुलखाच्या जोरावर स्वतंत्र पक्षाने ४९ जागा काढल्या, महताबांच्या जन काँग्रेसशी पुन्हा युती झाली आणि सिंहदेव मुख्यमंत्री झाले, ते जानेवारी १९७१ पर्यंत. स्वतंत्र पक्षही १९७४ मध्ये संपला. पण २०२४ ला भाजपचं सरकार आलं तेव्हा उपमुख्यमंत्री झालेले कनकवर्धन सिंहदेव हे त्यांचेच नातू. यामध्ये घराण्याचं सातत्य आहे की मुलखाचं, यावर घाईने लिहू नकोस. शेवटच्या प्रकरणासाठी ठेव.

नागपुरातच राहतेस, त्याचा फायदा घे. संबळपूर जिल्हा आणि पाटणा, कालाहंडी ही संस्थानं १९०५ पर्यंत मध्य प्रांतात होती, म्हणजे कारभार तुझ्याच शहरातून चालायचा. त्याही आधी तिथे भोसल्यांचा अंमल. जुने गॅझेटियर आणि प्रशासकीय अहवाल चाळ. गडजात आणि किनारा यांच्यातली दरी १९४७ च्या किती मागे जाते ते तिथे कळेल. ओडिया लिपी मात्र शिकावीच लागेल. देवनागरी येणाऱ्याला ती काही डोंगराएवढी नाही, आणि विधानसभेतली भाषणं इंग्रजी सारांशावरून लिहिलेली मी चालवून घेणार नाही.

पुढचा मसुदा दिवाळीच्या आधी पाठव. नकाशा सोबत हवा, रंगवलेला, १९५२, १९५७ आणि १९६१ चा वेगवेगळा.

तुझा,
सर